आपल्या अक्षांशावरून पाहिलेले जग

अमरावतीचे नामांकित वकील आणि लोकमान्य टिळकांचे निकटवर्ती सहकारी गणेश श्रीकृष्ण खापर्डे हे १९११ सालच्या डिसेंबर महिन्याच्या ६ तारखेस शिर्डीस दुसऱ्यांदा आले, आणि पुढील मार्चच्या मध्यापर्यंत, म्हणजे तीन महिन्यांहून अधिक काळ, त्यांचा मुक्काम तेथेच राहिला. त्याच डिसेंबरच्या १४ तारखेस रोआल्ड अमुंडसेन हा नॉर्वेजियन संशोधक आपल्या चार सोबत्यांसह दक्षिण ध्रुवाच्या परिसरात पोहोचला. आणि आपण खरोखरच ध्रुवावर आहो की नाही याची खातरजमा करण्यासाठी त्याच्या मंडळींनी सबंध चोवीस तास, दर तासाला, सूर्याची क्षितिजापासूनची उंची मोजली, कारण ध्रुवबिंदूवर सूर्य न उगवता न मावळता एकाच उंचीवरून फेरा घालीत राहतो. ही वार्ता ७ मार्च १९१२ रोजी टास्मानियातील होबार्ट बंदरातून तारेने जगभर गेली, तेव्हा खापर्डे शिर्डीतच होते.

या दोन घटनांचा परस्परांशी काही संबंध नाही, आणि ओढूनताणून तो जोडण्याचे प्रयोजनही नाही. तथापि एक साम्य ध्यानात घेण्याजोगे आहे. बर्फाच्या पठारावरील तो दर्यावर्दी आणि नगर जिल्ह्यातील त्या लहानशा गावात राहिलेला हा वकील, हे दोघेही रोज दिवसअखेर तारीख घालून, आपण कोठे होतो, काय पाहिले, कोण भेटले, याची नोंद करीत होते. खापर्डे यांची ती इंग्रजी रोजनिशी पुढे ‘श्रीसाईलीला’ मासिकात प्रसिद्ध झाली आणि शिर्डीच्या इतिहासाचे एक अव्वल साधन ठरली. पाहिलेले यथातथ्य टिपून ठेवावे, आणि जे टिपले ते चारचौघांस कळेल अशा भाषेत सांगावे, ही वृत्ती त्या काळाची होती; आणि त्याच वृत्तीतून विसाव्या शतकाच्या पहिल्या तीन दशकांत मराठीत प्रवासाची, शास्त्राची व जगाच्या परिचयाची ती पुस्तके व मासिके निर्माण झाली, ज्यांचे ऋण आपण आज जवळजवळ विसरून गेलो आहो.

ही पुस्तके कोणत्या समाजात आली, हे प्रथम पाहिले पाहिजे. १९११ च्या खानेसुमारीनुसार हिंदुस्थानात शंभरांतील सुमारे सहा माणसांस लिहितावाचता येत होते. मुंबईकडून शिर्डीस येणारा प्रवासी मनमाडास गाडी बदली, १८७८ साली सुरू झालेल्या दौंड-मनमाड मार्गावरील कोपरगाव स्टेशनावर उतरे, गोदावरी ओलांडी आणि उरलेली वाट टांग्याने वा बैलगाडीने काटी. अशा गावी पुस्तक पोहोचले तरी ते वाचणारा एखादाच असे. ऐकणारे मात्र पुष्कळ असत. खापर्डे यांच्या नोंदींत शिर्डीच्या दीक्षितवाड्यातील रात्रींचे जे उल्लेख येतात, त्यांत कोणी भागवत व दासबोध वाचीत आहे, कोणी रामायण सांगत आहे, दिवसा काही मंडळी पंचदशीचा अर्थ लावीत बसली आहेत, असेच चित्र दिसते. पोथी एकाने वाचावी व दहांनी ऐकावी, शंका विचारावी, दाखला मागावा, ही रीत महाराष्ट्रात शतकानुशतके रुजलेली होती. शास्त्राची व प्रवासाची नवी पुस्तके याच ऐकणाऱ्या समाजात आली, आणि त्यांतील जी लोकांच्या मनात घर करून राहिली, ती मोठ्याने वाचता येतील, ऐकणाऱ्याला बरोबर घेऊन जातील, अशा घडणीचीच होती.

प्रवासग्रंथांपुरते बोलावयाचे तर या कालखंडाचे सर्वांत मोठे लेणे म्हणजे १९०७ साली चिंतामण विनायक वैद्य यांनी प्रसिद्ध केलेला विष्णुभट गोडसे यांचा ‘माझा प्रवास’. पेणनजीकच्या वरसई गावचे हे भिक्षुक कुटुंबावरील कर्जाच्या ओझ्याने गांजलेले होते. बायजाबाई शिंदे मथुरेस मोठा यज्ञ करणार असून तेथे भरघोस दक्षिणा मिळेल असे कानी आल्यावरून १८५७ साली ते आपल्या चुलत्यांसह उत्तरेकडे निघाले. महूच्या सुमारास शिपायांच्या बंडाची वार्ता त्यांच्या कानी आली. माघारी फिरावे तर हात रिकामे, पुढे जावे तर देश पेटलेला, अशा कोंडीत त्यांनी पुढे जाण्याचे ठरविले. पुढे ग्वाल्हेर, झाशी, काळपी, चित्रकूट, अयोध्या, काशी असा त्यांचा फेरा झाला. झाशीच्या वेढ्यात ते शहरात अडकले होते. शहर पडल्यानंतरची कत्तल व लूट त्यांनी लपूनछपून पाहिली. जे द्रव्य मिळाले ते वाटेत लुटले गेले. आणि अखेर मातापित्यांसाठी गंगाजलाची कावड घेऊन १८६० मध्ये ते घरी परतले. एवढ्या खटाटोपानंतर त्यांच्या पदरी द्रव्य नव्हते, होती ती केवळ आठवण. आणि वैद्यांच्या सांगण्यावरून वीसएक वर्षांनी त्यांनी ती कागदावर उतरविली. ग्रंथ छापला गेला तो मात्र त्यांच्या पश्चात.

या ग्रंथाचे मोल केवळ तो १८५७ चा प्रत्यक्षदर्शी वृत्तांत आहे एवढ्यापुरते नाही. त्या उठावावर इंग्रज सेनाधिकाऱ्यांनी लिहिलेल्या आठवणी व अहवाल विपुल आहेत. त्यांत तोफा कोठे लावल्या, कोणत्या तुकडीने कोणता दरवाजा फोडला, याची चोख माहिती मिळते. परंतु वेढ्यातल्या शहरात पाणी कसे मिळत होते, लोक कोठे दडले, ब्राह्मणभोजने कशी चालली होती, राणीचा दिनक्रम काय होता, हे पाहण्यास तटाच्या आत बसलेला मनुष्यच पाहिजे होता. गोडसे तसे होते. ते सेनापती नव्हते, इतिहासकार नव्हते, आणि आपण काही थोर कार्य करीत आहो असा त्यांचा आविर्भावही नव्हता. आपल्या जागेवरून जे दिसले ते त्यांनी सांगितले, म्हणूनच ते दुसऱ्या कोणाच्याही ग्रंथात सापडत नाही. वैद्यांनी छापताना मूळ मजकुरावर संस्कार केले होते. १९६६ साली दत्तो वामन पोतदार यांनी मूळ हस्तलिखितावरून संहिता प्रसिद्ध केली, तेव्हा गोडसेभटजींची स्वतःची बोलण्याची ढब वाचकांस प्रथमच पुरतेपणी कळली.

परदेशाच्या प्रवासाविषयी पंडिता रमाबाईंनी १८८९ मध्येच अमेरिकेतील संयुक्त संस्थानांच्या लोकस्थितीचे व प्रवासाचे वृत्त मराठीत दिले होते, आणि त्या ग्रंथात निसर्गशोभेपेक्षा राज्यव्यवस्था, शिक्षण व स्त्रियांची स्थिती यांचाच विचार अधिक होता. पुढे १९१५ साली पार्वतीबाई चिटणवीस यांचा ‘आमचा जगाचा प्रवास’ आला. माजघराबाहेर पडण्याची मुभाही ज्या काळी पुष्कळ स्त्रियांस नव्हती, त्या काळी एका मराठी स्त्रीने आपल्या नजरेने जगाचे वर्णन करावे, ही गोष्ट वाचणाऱ्या मुलींच्या मनावर किती दूरवर परिणाम करून गेली असेल, याची कल्पना करणे कठीण नाही.

आता शास्त्राकडे वळू. या क्षेत्रात ज्या एका पुस्तकाचे नाव आदराने घ्यावयास हवे, ते प्रथम निघाले एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात, परंतु वाचले गेले मुख्यत्वे विसाव्यात. शंकर बाळकृष्ण दीक्षित यांचे ‘ज्योतिर्विलास’ ते हेच. ‘रात्रीची दोन घटका मौज’ असे त्याचे दुसरे नाव असून ते ग्रंथकर्त्याचा हेतू पुरेपूर सांगते. रत्नागिरी जिल्ह्यातील मुरुडचे हे दीक्षित शिक्षकाच्या पेशातले. १८५३ मध्ये जन्मले आणि अवघ्या पंचेचाळिसाव्या वर्षी, १८९८ मध्ये, निवर्तले. त्यांचा ‘भारतीय ज्योतिषशास्त्र’ हा महाग्रंथ १८९६ चा. त्याच वर्षी रॉबर्ट स्युएल यांच्यासह त्यांनी सिद्ध केलेला हिंदुस्थानी कालगणनेवरील इंग्रजी ग्रंथही निघाला, आणि फ्लीट यांच्यासारख्या पुराभिलेखवेत्त्याने गुप्तकालाचा निर्णय करताना त्यांच्या गणिताचा आधार घेतला. एवढ्या अधिकाराच्या पंडिताने सामान्य गृहस्थाला, शेतकऱ्याला, शाळकरी पोराला आकाश दाखविण्यासाठी स्वतंत्र पुस्तक लिहावे, यात त्याच्या विद्वत्तेचा कमीपणा नव्हता. उलट ती कोणासाठी मिळविली याचे ते उत्तर होते.

या पुस्तकाची थोरवी नीट समजावयास एक लहानसा हिशेब करून पाहावा. शिर्डी सुमारे पावणेवीस अंश उत्तर अक्षांशावर आहे. कोणत्याही ठिकाणाहून ध्रुवतारा क्षितिजाच्या वर जवळजवळ त्या ठिकाणच्या अक्षांशाइतकाच अंश दिसतो. म्हणजे शिर्डीच्या माळावर उभ्या राहिलेल्या माणसाला तो उत्तरेस अवघा वीस अंशांवर, झाडांच्या शेंड्यांजवळ शोधावा लागतो. लंडनचा अक्षांश साडेएक्कावन. तेथे तोच तारा अर्ध्या आकाशाच्याही वर चढलेला असतो. उलटपक्षी, आपल्याकडे माघ महिन्यात रात्री नऊच्या सुमारास दक्षिणेकडे, क्षितिजापासून साडेसतरा अंशांच्या सुमारास, अगस्तीचा तेजस्वी तारा दिसतो. सबंध आकाशात व्याधाच्या खालोखाल तेजाचा मान त्याचाच. पण हा अगस्ती लंडनच्या क्षितिजावर कधीच येत नाही. तेव्हा लंडनच्या वाचकासाठी लिहिलेले उत्तमोत्तम इंग्रजी पुस्तक जसेच्या तसे मराठीत उतरविले, तर त्यातील एकही विधान खोटे नसूनही कोपरगाव तालुक्यातील वाचकाला त्यातले आकाश आपल्या डोक्यावर सापडणार नाही. ध्रुव असावा तेथे नसेल. आणि दक्षिणेस दिमाखाने तळपणाऱ्या ताऱ्याचे नावच पुस्तकात नसेल. शास्त्राचे नियम सर्वत्र एकच आहेत, हे खरे. परंतु निरीक्षणाला जागा लागते, आणि ती जागा वाचकाची असली पाहिजे. हे दीक्षितांनी ओळखले. रोहिणी, मृग, आर्द्रा ही नावे पंचांगातून व पावसाच्या नक्षत्रांतून शेतकऱ्याच्या तोंडी होतीच. त्या नावांच्या मागचे तारे रात्री अंगणात उभे राहून कसे ओळखावे हे त्यांनी सांगितले, म्हणजे लोकांपाशी असलेल्या ज्ञानाला त्यांनी डोळे दिले.

असे पुस्तक हाती असण्याचे महत्त्व १९१० च्या उन्हाळ्यात विशेष कळून आले असले पाहिजे. त्या वर्षी हॅलेचा धूमकेतू परत आला. २० एप्रिल रोजी तो सूर्याच्या अगदी निकट होता, आणि मे महिन्यात पृथ्वी त्याच्या शेपटाच्या परिसरातून जाणार अशी वार्ता पसरल्याने सुधारलेल्या म्हणविणाऱ्या देशांतही लोक भयभीत झाले होते. धूमकेतू हा सूर्याभोवती ठराविक कालाने फिरणारा एक गोल आहे, हॅलेचा फेरा सुमारे शहात्तर वर्षांचा आहे, आणि तो राजांच्या मरणासाठी येत नसून आपल्या कक्षेच्या नियमाने येतो, एवढे ज्याला समजले त्याचे भय गेले आणि त्याच्या ठिकाणी कुतूहल आले. भीतीच्या जागी कुतूहल आणणे, हेच लोकोपयोगी शास्त्रग्रंथाचे प्रथम कार्य होय.

कल्पनेच्या वाटेनेही शास्त्र मराठीत आले. कृष्णाजी नारायण आठल्ये यांच्या ‘केरळकोकिळ’ मासिकात १९०० साली ‘चंद्रलोकची सफर’ ही ज्यूल व्हर्नच्या कथेवर आधारलेली कादंबरी क्रमशः येऊ लागली, आणि मराठी विज्ञानकथेचा आरंभ तेथून मानला जातो. मुलांसाठी विनायक कोंडदेव ओक यांनी १८८१ मध्ये सुरू केलेले ‘बालबोध’ हे मासिक १९१४ पर्यंत चालले, आणि त्यात कविता व चरित्र यांच्याबरोबर शास्त्रीय विषयासही नेमाने जागा असे. १९०६ मध्ये वासुदेव गोविंद आपटे यांनी ‘आनंद’ काढला. याच्याही पूर्वी, शिर्डी ज्या जिल्ह्यात येते त्या नगरातच, अमेरिकन मिशनऱ्यांनी १८४२ साली ‘ज्ञानोदय’ पत्र सुरू केले होते. त्याचा मूळ हेतू धर्मप्रसाराचा असला तरी भूगोल व सृष्टिशास्त्र यांवरील मजकूर त्यातून वाचकांस मिळत गेला. १९२८ साली पुण्यात ‘सृष्टिज्ञान’ हे सर्वस्वी शास्त्राला वाहिलेले मासिक निघाले, तेव्हा जवळजवळ शतकभराची ही मशागत फळास आली.

परंतु पुस्तक छापणे एक आणि ते वाचकाच्या हाती जाणे दुसरे. या बाबतीत ज्या दोन पुरुषांनी मोठे काम केले, त्यांपैकी एक सयाजीराव गायकवाड. मालेगाव तालुक्यातील कवळाणे गावच्या पाटील घराण्यात १८६३ मध्ये जन्मलेला हा मुलगा दत्तकविधानाने बडोद्याच्या गादीवर गेला, आणि १९०६ मध्ये आपल्या सबंध संस्थानात त्याने प्राथमिक शिक्षण सक्तीचे व मोफत केले. वाचावयास शिकविलेल्या रयतेला वाचावयास काही दिले नाही तर ती शिकलेले विसरून जाईल, हा विचार मनात धरून त्यांनी १९१० मध्ये विल्यम बॉर्डन या अमेरिकन ग्रंथपालास पाचारण केले. मध्यवर्ती ग्रंथालय, गावोगावची वाचनालये, आणि कुलूपबंद लाकडी पेट्यांतून एका गावाहून दुसऱ्या गावी जाणारी फिरती वाचनालये अशी सबंध यंत्रणा उभारली गेली. मराठी व गुजराती भाषांत ज्ञानविषयक पुस्तकांच्या माला निघाल्या, त्यांस दरबारचा आश्रय मिळाला.

दुसरे श्रीधर व्यंकटेश केतकर. त्यांच्यापाशी राज्य नव्हते, खजिना नव्हता. अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठात मिळविलेली विद्या आणि अचाट निश्चय एवढेच भांडवल होते. वर्गणीदार जमवून, मंडळी स्थापून, माणसे गोळा करून त्यांनी १९२० च्या दशकात ‘महाराष्ट्रीय ज्ञानकोश’ तेवीस खंडांत पुरा केला. त्याच्या पहिल्या पाच प्रस्तावनाखंडांची योजना पाहण्याजोगी आहे. पहिला खंड ‘हिंदुस्थान आणि जग’. त्यापुढे वेदविद्या, बुद्धपूर्व व बुद्धोत्तर जग. आणि पाचवा ‘विज्ञानेतिहास’. इंग्रजी विश्वकोशाचे भाषांतर करून काम अल्प श्रमात झाले असते. केतकरांनी ते केले नाही, कारण दुसऱ्याच्या कोशात आपण कोठेतरी कोपऱ्यात एका नोंदीपुरते असतो, आणि ज्ञानाचा विस्तार आपल्यापासून जगाकडे कसा होत गेला हे तेथे दिसू शकत नाही, हे त्यांना पक्के ठाऊक होते.

या सर्व कामाच्या मर्यादाही स्पष्ट सांगितल्या पाहिजेत. भूसंशोधनाच्या बाबतीत मराठी वाचक बहुतांशी दुसऱ्याच्या डोळ्यांनीच पाहत राहिला. नान्सेन, अमुंडसेन, स्कॉट, स्वेन हेडिन यांचे जाडजूड सचित्र ग्रंथ युरोपात हातोहात खपत होते. १९११ पासून लंडनमध्ये एकेका शिलिंगाला तज्ज्ञांची छोटी पुस्तके देणारी ग्रंथमाला निघाली होती. पण आपल्याकडे असल्या मोहिमांचे वृत्त बहुधा इंग्रजीवरून घेतलेल्या लेखांच्या रूपानेच येई. हिमालय आपल्याच देशात असून त्याची मोजणी व चढाई यांच्या कथा परक्या भाषेतून याव्यात, ही उणीवच होती. शिवाय लिहिणारे व वाचणारे बहुतेक एकाच थरातले असल्याने शेतमजूर, कारागीर व स्त्रिया यांच्यापर्यंत ही पुस्तके क्वचितच पोहोचली. पुस्तक ऐकावयाला बसण्यासाठीही ओसरीवर जागा मिळावी लागते, आणि ती सर्वांस मिळत नव्हती.

तरीही शिर्डीच्याच परिसरात पाहा, लोकांनी आपल्या हाताशी असलेल्या प्रकारांतून प्रवासलेखन निर्माण केले. सरकारी नोकरीत मामलेदार व मॅजिस्ट्रेट राहिलेल्या गोविंद रघुनाथ दाभोळकर यांनी लिहिलेले ‘श्रीसाईसच्चरित’ हे भक्तिकाव्य आहे, आणि भाविक त्याकडे त्याच दृष्टीने पाहतात. परंतु कोण कोठून निघाला, कोणत्या स्टेशनावर उतरला, नदी कशी ओलांडली, वाटेत कोण भेटला, याचा जो तपशील त्या ओव्यांतून विखुरलेला आहे, तो त्या काळच्या मध्यमवर्गीय महाराष्ट्राच्या हालचालींचा मोठा दस्तऐवज आहे. १९२३ पासून निघू लागलेल्या ‘श्रीसाईलीला’ मासिकातील भक्तांची वृत्ते याच जातीची. इतिहासाच्या अभ्यासकाने ती श्रद्धेचा भाग बाजूस न सारता, पण तारीख, स्थळ व मार्ग यांकडेही लक्ष ठेवून वाचली, तर त्यांतून रेल्वे, टांगा, धर्मशाळा आणि टपाल यांनी जोडला जात असलेला एक प्रदेश डोळ्यांसमोर उभा राहतो.

गोडसे, दीक्षित, केतकर, दाभोळकर यांचे विषय भिन्न, शिक्षण भिन्न, श्रद्धाही भिन्न. परंतु चौघांनीही आपण कोठे उभे आहो हे न लपविता लिहिले, आणि वाचक कोठे उभा आहे हे न विसरता लिहिले. म्हणून झाशीचा तट, अगस्तीचा तारा, बुद्धपूर्व जग आणि कोपरगावची वाट ही सर्व मराठी वाचकाच्या ओळखीची झाली. ज्यांनी केवळ परक्याचे वाक्य मराठीत फिरविले, त्यांची पुस्तके ग्रंथसंग्रहालयांच्या यादीत उरली आहेत. वाचकाच्या स्मरणात नाहीत.

आज माहितीचा तुटवडा नाही. दक्षिण ध्रुवाची छायाचित्रे शिर्डीच्या बाजारपेठेत उभ्या असलेल्या मुलाच्या खिशातील फोनवर क्षणात येतात, आणि पुष्कळदा मराठी मजकुरासह येतात. पण तो मजकूर बहुधा दुसऱ्या अक्षांशावर लिहिलेला असतो. तेव्हा जुन्या ग्रंथांचे पुनर्मुद्रण करताना नुसत्या प्रती काढून भागणार नाही. त्यांतील जे शास्त्र मागे पडले ते टिपा देऊन दुरुस्त करावे, स्थळांचे नकाशे जोडावेत, आणि तालुक्याच्या वाचनालयात ते मागितल्याबरोबर मिळावेत अशी व्यवस्था करावी. शाळामास्तरांनी माघातल्या एका निरभ्र रात्री मुलांना गावाबाहेर नेऊन अगस्ती दाखवावा आणि त्याची उंची कोनमापकाने मोजावयास लावावी. एवढ्याने भूगोल, गणित व ज्योतिष हे तीन विषय एकत्र शिकविले जातील. आणि ज्यांस मराठीत शास्त्र किंवा प्रवास लिहावयाचा आहे, त्यांनी पहिले पान लिहिण्यापूर्वी आपला वाचक कोणत्या गावी राहतो, त्याच्या डोक्यावर कोणते आकाश आहे आणि त्याला आधीच काय ठाऊक आहे, याची चौकशी करावी. शंभर वर्षांपूर्वी, आजच्या मानाने फारच थोड्या साधनांनिशी, हे काम करून दाखविणारी माणसे आपल्याच भाषेत होऊन गेली. त्यांच्या ग्रंथांचा खरा सत्कार त्यांची वाट पुढे चालविण्यातच आहे.